पुढच्या चाकाचं बेअरिंग: घरघर ओळखण्यापासून नवं बसवण्यापर्यंत

गाडी ताशी ४०-५० किलोमीटरवर गेली की खालून एक सलग, घुमणारा आवाज सुरू होतो. वेग वाढला की पट्टी चढते, वेग उतरला की आवाज उतरतो. क्लच दाबला, गिअर बदलला, तरी त्याला काही फरक पडत नाही. दहा-बारा वर्षं चाललेल्या गाडीत हे लक्षण दिसलं की पुढच्या चाकाच्या बेअरिंगवर (दोन रिंगांमध्ये गोळ्या असलेला, चाक मोकळं फिरू देणारा भाग) संशय घ्यायला हरकत नाही. मात्र नुसत्या संशयावर गाडी खोलायला घेऊ नका. टायर, ड्राइव्ह शाफ्टचा (इंजिनची ताकद चाकापर्यंत नेणारा दांडा) सांधा आणि ब्रेकही असेच आवाज काढतात, आणि चुकीच्या निदानापायी चांगलं बेअरिंग काढलं की ते वाया जातं. दाबून बसवलेलं बेअरिंग एकदा काढलं की पुन्हा वापरता येत नाही.

हत्यारं नीट हाताळणाऱ्या नवख्याला हे काम जमतं. खोलणं मेहनतीचं आहे पण सरळ आहे. खरी चूक होते ती दाबून बसवताना. तिथे एक नियम डोक्यात पक्का ठेवा: जी रिंग घट्ट बसवायची आहे, दाब फक्त तिच्यावर द्यायचा. बाहेरची रिंग बसवताना दाब आतल्या रिंगवर दिला, तर तो मधल्या गोळ्यांतून जातो, गोळ्या रिंगच्या वाटेवर खळगे पाडतात आणि कोरं बेअरिंग पहिल्याच फेरीत घुमायला लागतं.

तुमच्या गाडीत कोणता प्रकार आहे

जुन्या गाड्यांत पुढच्या चाकाला तीन प्रकार आढळतात.

पहिला, पुढच्या चाकांना इंजिनची ताकद मिळणाऱ्या बहुतेक जुन्या छोट्या गाड्यांमधला: दोन ओळी गोळ्यांचं सीलबंद बेअरिंग. चाक, ब्रेक आणि सस्पेन्शन ज्या लोखंडी तुकड्यावर जोडलेले असतात, त्या स्टिअरिंग नकलच्या भोकात हे बेअरिंग दाबून बसवलेलं असतं आणि सर्कलिपने (खाचेत बसणारी लवचीक, उघड्या टोकांची रिंग) अडवलेलं असतं. त्याच्या आतल्या रिंगमध्ये हब (चाक आणि डिस्क ज्याच्यावर आवळतात तो फिरणारा भाग) दाबून बसतो, आणि हबमधून ड्राइव्ह शाफ्ट आरपार जातो. लेखाचा मोठा भाग याच प्रकाराबद्दल आहे, कारण गडबड याच्यात जास्त होते.

दुसरा, हब आणि बेअरिंग मिळून एकच तयार भाग. तो मागून तीन किंवा चार बोल्टने नकलवर आवळलेला असतो. याला प्रेस (भाग दाबून बसवायचं यंत्र) लागत नाही.

तिसरा, मागच्या चाकांवर चालणाऱ्या जुन्या गाड्यांतला: एक आतलं आणि एक बाहेरचं अशी दोन टेपर रोलर बेअरिंगं (गोळ्यांऐवजी निमुळते रोलर असलेली), ग्रीस भरलेली, खाचांचा नट आणि स्प्लिट पिन लावलेली.

सुटे भाग मागवण्याआधी प्रकार नक्की करा. चॅसी नंबरवरून भाग जुळवणं सगळ्यात खात्रीचं. दाबून बसणाऱ्या बेअरिंगची मापं आतला व्यास, बाहेरचा व्यास आणि रुंदी या क्रमाने ३९×७२×३७ अशी मिलिमीटरमध्ये लिहितात. एबीएस (ब्रेक दाबल्यावर चाकं जाम होऊ न देणारी यंत्रणा) असलेल्या आणि नसलेल्या गाडीचं बेअरिंग मापाने एकसारखं असूनही वेगळं असू शकतं. एबीएसवाल्या कित्येक बेअरिंगांच्या एका बाजूच्या सीलमध्ये चुंबकीय पट्टी असते, आणि ती नसलेलं बेअरिंग बसवलं तर एबीएसचा दिवा विझतच नाही.

आवाज बेअरिंगचाच आहे का

आधी रस्त्यावर. मोकळ्या, सरळ रस्त्यावर ठराविक वेगाने चालवा आणि गाडी न्यूट्रल करा. इंजिन बंद करू नका, नाहीतर स्टिअरिंग आणि ब्रेक जड होतील. इंजिनचे फेरे उतरले तरी आवाज तसाच राहिला, तर तो चाकांकडून येतो आहे. मग गुळगुळीत डांबरावरून खडबडीत किंवा काँक्रीटच्या रस्त्यावर जा. रस्त्याबरोबर आवाजाची जात बदलली तर टायरकडे बघा. टायरवरून तळहात दोन्ही दिशांना फिरवला आणि एका दिशेने करवतीसारखे दाते लागले, तर घुमणारा आवाज बहुतेक तिथूनच आहे. तरीही शंका राहिली तर पुढचे टायर मागे लावून बघा. आवाज मागे गेला तर बेअरिंग निर्दोष.

आता लांबसडक, हलकं वळण घ्या. डावीकडे वळताना गाडीचा भार उजव्या चाकावर जातो. तेव्हा आवाज वाढला तर उजवं बेअरिंग, उजवीकडे वळताना वाढला तर डावं. हा अंदाज बहुतेक वेळा बरोबर येतो, पण दोन ओळींच्या बेअरिंगमध्ये कोणती ओळ खराब झाली आहे यावर तो कधी कधी उलटाही पडतो. म्हणून हाताने तपासल्याशिवाय बाजू नक्की करू नका. पूर्ण स्टिअरिंग वळवून हळू चालवताना टक-टक-टक असा तुटक आवाज आला तर तो ड्राइव्ह शाफ्टच्या बाहेरच्या सांध्याचा, बेअरिंगचा नाही.

गाडी सपाट जागी लावा, हँडब्रेक ओढा, मागच्या चाकांना ठोकळे लावा, पुढची बाजू उचलून दोन्हीकडे स्टँड द्या आणि गिअर न्यूट्रलला ठेवा. चाक वर आणि खाली धरून आळीपाळीने आत-बाहेर ढकला. प्ले (सैलपणाची हालचाल) जाणवला तर मदतनिसाला ब्रेक दाबून धरायला सांगा आणि पुन्हा ढकला. ब्रेक दाबल्यावर प्ले गायब झाला तर बेअरिंग सैल आहे, कारण ब्रेकने डिस्क आणि नकल एकत्र पकडले. तसाच राहिला तर खालचा बॉल जॉइंट (नकल खालच्या कंट्रोल आर्मला जोडणारा सांधा) किंवा सस्पेन्शनचे बुश बघा. चाक डाव्या-उजव्या बाजूंनी धरल्यावरच हलत असेल तर टाय रॉड एंडचा (स्टिअरिंगचा दांडा नकलला जोडणारा सांधा) संशय घ्या.

इथे एक गैरसमज दूर करायला हवा. प्ले नाही म्हणजे बेअरिंग चांगलं, असं अजिबात नाही. मोठ्याने घुमणाऱ्या कित्येक बेअरिंगांत हाताला जराही हालचाल लागत नाही. त्यांच्यासाठी भरवशाची परीक्षा अशी: एका हाताची बोटं शॉक अॅब्सॉर्बरवरच्या कॉइल स्प्रिंगवर हलकेच टेकवा आणि दुसऱ्या हाताने चाक सावकाश फिरवा. चांगलं बेअरिंग असेल तर स्प्रिंग मुकी राहते. खराब असेल तर बोटांना बारीक थरथर लागते, आत वाळू दळली जात असावी तशी. दोन्ही बाजूंना हे करून फरक बघा. ब्रेक पॅड घासण्याचा स्पर्श वेगळा असतो, तो चाकाच्या प्रत्येक फेरीत ठराविक जागी येतो आणि कानालाही खस्सकन ऐकू येतो.

आणखी दोन खुणा. वळणं घेऊन आल्यावर ब्रेकचं पेडल पहिल्यांदा खोल जात असेल आणि दुसऱ्या दाबाला वर येत असेल, तर सैल बेअरिंगमुळे डगमगणारी डिस्क पॅडना मागे ढकलत असण्याची शक्यता आहे. आणि जुन्या गाडीत एबीएसचा दिवा मधूनच लागत असेल तर सेन्सर बदलण्याआधी बेअरिंग तपासा, कारण हब हलला की सेन्सर आणि पट्टीमधलं अंतर बदलतं.

प्ले लागत असेल किंवा करकर सुरू झाली असेल तर गाडी चालवत राहू नका. बेअरिंग पार मोडलं की हबचा आधार जातो आणि चाकाचा ताबा सुटू शकतो.

सामान

बेअरिंगचा किट घेताना त्यात सर्कलिप आणि नवा एक्सल नट (शाफ्टचं टोक हबवर आवळणारा चाकाच्या मधला नट) आहे ना ते बघा. नसेल तर दोन्ही वेगळे मागवा. कड चेपून किंवा नायलॉनच्या रिंगने अडवलेला एक्सल नट एकदाच वापरायचा असतो. खालच्या बॉल जॉइंटचा बोल्ट गंजलेला असेल तर तोही नवा घ्या.

हत्यारांत जॅक आणि दोन स्टँड, एक्सल नटचं सहा पैलूंचं खोल सॉकेट (बहुतेक ३०, ३२ किंवा ३६ मिलिमीटर), निदान ६० सेंटिमीटर लांबीचा मजबूत टॉमी (सॉकेट फिरवायचा दांडा), ३०० न्यूटन मीटरपर्यंत जाणारा टॉर्क पाना, सर्कलिप प्लायर, बॉल जॉइंट सोडवायचा पुलर, छिन्नी, हातोडा, वायर ब्रश, गंज सोडवणारं तेल, ब्रेक क्लीनर, कॅलिपर (ब्रेक पॅड डिस्कवर दाबणारा भाग) टांगायला जाड तार, खुणा करायला मार्कर, चष्मा आणि हातमोजे. बारा पैलूंचं सॉकेट इथे टाळा. जाम नटावर ते घसरतं आणि नटाचे कोपरे गोल होतात.

दाबण्यासाठी १० ते १२ टनांचा हायड्रॉलिक प्रेस आणि वेगवेगळ्या व्यासांच्या रिंगा, किंवा आट्यांच्या जाड रॉडवर चालणारा बेअरिंग पुलर किट. प्रेस नसेल तर अर्धं काम घरी करा: नकल खोलून काढा, प्रेस असलेल्या वर्कशॉपमधून बेअरिंग बसवून आणा, आणि परत जोडा. हा मधला मार्ग आम्हाला नवख्यांसाठी सगळ्यात शहाणपणाचा वाटतो. हातोड्याने ठोकून बेअरिंग बसवणं हा मार्ग मात्र नाही. प्रत्येक ठोका गोळ्यांवर जातो.

खोलणं

पहिल्यांदा करत असाल तर एका बाजूला अख्खा दिवस धरून चाला. आदल्या रात्री एक्सल नट, टाय रॉड एंडचा नट आणि बॉल जॉइंटचा बोल्ट यांच्यावर गंज सोडवणारं तेल मारून ठेवा.

१. गाडी जमिनीवर असतानाच चाकाची मधली टोपी काढा. नटाची कड शाफ्टच्या खाचेत चेपलेली असेल तर अरुंद छिन्नीने ती आधी पूर्ण उचला. ती तशीच ठेवून नट फिरवला तर शाफ्टचे आटे खरवडून निघतात. मग मदतनिसाकडून ब्रेक दाबून घेऊन एक्सल नट फक्त पाव फेरी सैल करा. पूर्ण सोडवायचा तो चाक हवेत गेल्यावर. नट सैल असताना गाडीचं वजन बेअरिंगवर राहिलं किंवा गाडी ढकलली गेली, तर दोन भागांची आतली रिंग फाकते. चाकाचे बोल्टही आत्ताच जरा सैल करा.

२. गाडी उचला, स्टँडवर टेकवा, चाक काढा. एकट्या जॅकवर उभ्या गाडीखाली हात घालू नका. काढलेलं चाक दाराखाली आडवं सारून ठेवा, जास्तीचा आधार होतो.

३. कॅलिपर त्याच्या ब्रॅकेटसकट काढा आणि तारेने स्प्रिंगला टांगा. ब्रेकच्या रबरी नळीवर लोंबू देऊ नका. डिस्कचा छोटा स्क्रू जाम असेल तर स्क्रूड्रायव्हरवर एक ठोका देऊन मग फिरवा. डिस्क हबला चिकटली असेल आणि तिच्यात आट्यांची दोन भोकं असतील, तर त्यात बोल्ट आवळत गेलं की ती आपोआप सुटते.

४. एबीएस सेन्सरचा बोल्ट काढून सेन्सर सावकाश, किंचित फिरवत बाहेर घ्या. जुन्या गाडीत तो गंजाने धरलेला असतो आणि प्लास्टिक ठिसूळ झालेलं असतं, जोर केला की अर्धा आत राहतो. निघत नसेल तर वायरचं कनेक्टर सोडवा आणि सेन्सर नकलमध्येच राहू द्या. पण मग प्रेसवर ठेवताना तो चेपणार नाही इकडे लक्ष द्या.

५. टाय रॉड एंडचा नट काढून पुलरने सांधा सोडवा. खालच्या बॉल जॉइंटचा बोल्ट काढा, कंट्रोल आर्म पहारीने खाली दाबा आणि सांधा मोकळा करा. रबरी टोपी फाटू देऊ नका.

६. एक्सल नट पूर्ण काढा. शाफ्ट हबमध्ये जाम असेल तर नट शाफ्टच्या टोकाच्या पातळीपर्यंत परत चढवा आणि लाकडाचा ठोकळा ठेवून ठोका. उघड्या टोकावर हातोडा बसला तर आटे पसरतात आणि नवा नट चढत नाही. शाफ्ट निसटला की तो तारेने वर बांधा. लोंबत राहिला तर आतला सांधा उखडतो.

७. वरच्या शॉकचे बोल्ट काढण्याआधी नकल आणि शॉक यांच्या जोडावर, बोल्टच्या डोक्याभोवती मार्करने रेघा ओढा. काही गाड्यांत याच बोल्टवर चाकाचा कॅम्बर (समोरून दिसणारा उभा कल) ठरतो. मग नकल हातात घ्या.

हाताशी आलेच आहेत तर शाफ्टचं रबरी बूट आणि बॉल जॉइंट दोन्ही नीट बघून घ्या. बूट फाटलेलं असेल तर बदलायला यापेक्षा सोपी वेळ येणार नाही.

जुनं बेअरिंग काढणं

नकल प्रेसवर असा ठेवा की आधार बेअरिंगच्या भोकाजवळ, दोन्ही बाजूंनी सारखा मिळेल. डिस्कमागचा ब्रेकचा पातळ पत्रा आधारात अडकवू नका. हबपेक्षा जरा लहान व्यासाची रिंग घेऊन हब आतल्या बाजूने दाबून बाहेर काढा. तो निघताना बंदुकीसारखा ठ्ठाक आवाज येतो. चष्मा त्यासाठीच आहे, आणि समोर उभं न राहता बाजूला उभं राहा.

हब निघतो तेव्हा आतल्या रिंगचा एक भाग बहुतेक वेळा त्याच्यावरच चिकटून येतो. तो पुलरने निघाला तर उत्तम. नाही निघाला तर ग्राइंडरने रिंगमध्ये तिरकी चीर द्या, पण आरपार नव्हे. कागदाइतकं लोखंड शिल्लक असताना थांबा आणि चिरेत छिन्नी ठेवून एक जोरदार ठोका द्या. रिंग तडकून सैल होते. चाकती हबला लागली तर बेअरिंग आणि सील बसायची जागा दुखावते.

आता सर्कलिप. गंजलेल्या खाचेत ती अशी बसते की प्लायर वाकतं पण क्लिप हलत नाही. खाचेतला गंज टोकदार हत्याराने खरवडा, तेल सोडा, क्लिप गोल फिरवून मोकळी करा आणि मग आवळून काढा. काही गाड्यांत दोन्ही बाजूंना क्लिप असते. एक तशीच राहून प्रेस दिला तर नकल तडकू शकतो. क्लिप निघाल्याची खात्री केल्यावरच बाहेरची रिंग दाबून काढा.

काढलेलं बेअरिंग फेकून देण्याआधी कापडाने पुसून आतली वाट उजेडात धरा. चांगली वाट आरशासारखी असते. खराब वाटेवर करड्या रंगाचा मंद पट्टा दिसतो, आणि त्यात नख अडकेल असे बारीक खड्डे, जणू पत्र्यावरचा पापुद्रा निघाला आहे. आवाज त्यांचाच होता. ग्रीस दुधाळ तपकिरी झालं असेल तर सीलमधून पाणी शिरलं. रिंग निळसर असेल तर बेअरिंग तापलं होतं. गोळ्यांच्या अंतराएवढ्या अंतरावर ओळीने खळगे असतील तर मोठा दणका बसला होता, किंवा मागच्या वेळी कुणीतरी गोळ्यांतून दाब दिला होता. कारण समजलं की नवं बसवताना काय सांभाळायचं तेही समजतं.

नवं बसवणं

नकलचं भोक वायर ब्रशने आणि बारीक पॉलिश पेपरने साफ करा. इथे लोखंड घासून काढायचं नाही, फक्त गंज आणि बारीक फुगवटे काढायचे. सर्कलिपची खाच तळापर्यंत साफ हवी. मग ब्रेक क्लीनरने पुसा. जुनं बेअरिंग प्रेसशिवाय हाताने निघालं असेल, किंवा भोकात चकाकणारे गोल ओरखडे दिसत असतील, तर बाहेरची रिंग आत फिरत होती. असा नकल बदलावा लागतो. भोकाच्या कडेला पंचाने टिंबं मारून किंवा चिकट रसायन लावून बेअरिंग घट्ट धरवण्याचा जुगाड पुढच्या चाकाला कधीच करू नका. हबचंही तेच. बेअरिंग बसते ती जागा निळी पडली असेल, घासली असेल किंवा बोटाला पायरी लागत असेल तर हब नवा घ्या.

बेअरिंग पिशवीतून शेवटच्या क्षणी काढा. त्याला जास्तीचं ग्रीस भरू नका, क्लीनरने धुऊ नका. चुंबकीय पट्टी असलेली बाजू ओळखा: ती बहुतेक काळी किंवा तपकिरी, सपाट दिसते. शंका असेल तर कागदाची क्लिप जवळ न्या, पट्टीच्या बाजूला ती ओढली जाते. ही बाजू एबीएस सेन्सर असतो तिकडे, म्हणजे साधारणपणे गाडीच्या आतल्या बाजूला येते. उलटं बसलं तर सगळं काम पुन्हा, आणि तेही नव्या बेअरिंगने. ही बाजू लोखंडाचा भुगा पडलेल्या टेबलावर ठेवू नका आणि दुसऱ्या चुंबकाजवळही नेऊ नका.

भोकाला तेलाचा हलका हात लावा. बेअरिंग तासभर फ्रीझरमध्ये ठेवलं आणि नकल हीट गनने सगळीकडून सारखा गरम केला, तर बेअरिंग सहज सरकतं. गॅसची ज्योत लावू नका. नकल किती तापवायचा याचा अंदाज असा: त्याच्यावर पाण्याचा थेंब टाकला तर तो चर्रकन उडता कामा नये.

आता पहिला दाब. बाहेरच्या रिंगच्या व्यासापेक्षा केसभर लहान अशी सपाट रिंग बेअरिंगवर ठेवा. ती फक्त बाहेरच्या रिंगला टेकली पाहिजे. अशी रिंग नसेल तर जुन्या बेअरिंगची बाहेरची रिंग बाहेरून थोडी घासून वापरता येते. बेअरिंग हाताने सरळ ठेवा, चार बाजूंनी डोळा लावून बघा, आणि प्रेस थोडा थोडा द्या. पहिल्या दोन-तीन मिलिमीटरांत तिरकं गेलं तर लगेच थांबा, उलट काढा, पुन्हा सरळ करा. जोर देऊन सरळ होईल असं वाटतं, पण तसं होत नाही. ते भोकाची कड खरवडत जातं. तळाला टेकलं की प्रेसचा दांडा एकदम कडक लागतो. तिथे थांबा.

सर्कलिप खाचेत पूर्ण बसली का ते तिला स्क्रूड्रायव्हरने गोल फिरवून बघा. तिची उघडी टोकं सेन्सरच्या भोकासमोर येऊ देऊ नका. ब्रेकचा पत्रा काढला असेल तर तो आत्ताच लावा. बऱ्याच गाड्यांत हब बसल्यावर तो लावायला वाटच राहत नाही, आणि हे लक्षात येतं तेव्हा हब पुन्हा काढावा लागतो, म्हणजे बेअरिंग गेलंच.

दुसरा दाब, आणि जास्तीत जास्त बेअरिंगं इथेच मरतात. आता हब आतल्या रिंगमध्ये घालायचा आहे. त्यामुळे खालून आधार आतल्या रिंगला हवा, नकलला नाही. आतल्या रिंगएवढ्या व्यासाचा पोकळ तुकडा प्रेसवर उभा ठेवा, त्याच्यावर बेअरिंगची आतली रिंग टेकवा आणि वरून हब दाबा. नकल टेकवून हब दाबला तर पूर्ण दाब गोळ्यांतून बाहेरच्या रिंगकडे जातो. रॉडच्या पुलरने करत असाल तरी मागची चकती आतल्या रिंगलाच टेकली पाहिजे. रॉडच्या आट्यांना ग्रीस लावा, नाहीतर रॉड चावतो.

बसल्यावर हब हाताने फिरवा. थोडा जड पण मऊ फिरायला हवा. अडखळत असेल किंवा खरखर लागत असेल तर पुढे जोडत बसू नका. आत काही बिघडलं आहे आणि गाडीवर चढवल्याने ते सुधारणार नाही.

जोडणी आणि एक्सल नट

जोडणी उलट्या क्रमाने. शॉकचे बोल्ट आधीच्या रेघांवर जुळवा. शाफ्टच्या दात्यांवरचा गंज साफ करा, हबच्या तोंडावरचाही, नाहीतर डिस्क तिरकी बसून ब्रेक दाबताना स्टिअरिंग थरथरेल. सेन्सरचं भोक साफ करून सेन्सर हाताने बसवा, ठोकू नका.

एक्सल नट नवा, आणि टॉर्क पान्यानेच. बहुतेक गाड्यांत तो १८० ते ३०० न्यूटन मीटरच्या दरम्यान असतो, काहींत ठराविक टॉर्कनंतर आणखी काही अंश फिरवायचा असतो. तुमच्या गाडीचा आकडा तिच्या सर्व्हिस मॅन्युअलमधूनच घ्या. या नटाचं काम फक्त शाफ्ट धरणं नाही. आतल्या रिंगचे दोन भाग एकमेकांवर दाबून बेअरिंगला योग्य ताण देणं हे त्याचं मुख्य काम आहे. सैल राहिला तर नवं बेअरिंग थोड्याच दिवसांत खेळायला लागतं. इम्पॅक्ट गनने अंदाजाने आवळू नका. मदतनिसाला ब्रेक दाबायला सांगून चाक हवेत असतानाच नट चांगला आवळा, मग गाडी खाली घेऊन शेवटचा टॉर्क पूर्ण करा आणि कड खाचेत चेपा. नट पूर्ण आवळेपर्यंत गाडी एक इंचही हलवू नका.

चाकाचे बोल्ट समोरासमोरच्या क्रमाने मॅन्युअलच्या टॉर्कला आवळा. गाडी सुरू करण्याआधी ब्रेकचं पेडल कडक होईपर्यंत पंप करा. कॅलिपर काढताना पॅड मागे गेलेले असतात आणि पहिला ब्रेक रिकामा जातो.

उरलेले दोन प्रकार

बोल्टने बसणारा हब असेल तर नकल बहुधा गाडीवरच राहतो. मागचे बोल्ट निघाले तरी गंजाने धरलेला हब निघत नाही हीच खरी अडचण. बोल्ट पाच-सहा आटे उरतील इतके सैल ठेवून त्यांच्या डोक्यावर सॉकेट लावून आळीपाळीने ठोकत जा. तिरका ठोकत राहिलात तर तो आणखी फसतो. बसवताना नकलचं भोक लख्ख करा आणि त्यावर गंजरोधक पेस्टचा पातळ थर द्या, सेन्सरच्या बाजूला लागू न देता.

टेपर बेअरिंगचं गणित वेगळं आहे. तिथे ताण तुम्ही हाताने ठरवता. रोलर आणि त्यांच्या बाहेरच्या रिंगा जोडीनेच बदला, जुन्या रिंगेत नवे रोलर घालू नका. जुनी रिंग पितळी पंचाने आळीपाळीने ठोकून काढा आणि नवी तळाला टेकेपर्यंत बसवा. टेकली की ठोक्याचा आवाज बदलतो. चाकाच्या बेअरिंगसाठी असलेलं, जास्त तापमान सोसणारं लिथियम ग्रीस तळहातावर घ्या आणि बेअरिंगची रुंद कड त्यात दाबत राहा, दुसऱ्या बाजूने रोलरच्या मधून ग्रीस बाहेर येईपर्यंत. हबच्या पोकळीत साधारण एक तृतीयांश पुरे. ठासून भरलं तर ते तापतं आणि सीलमधून ब्रेकवर येतं. ऑइल सील नवी लावा. मग चाक फिरवत फिरवत नट सुमारे २५ ते ३० न्यूटन मीटरला आवळा, म्हणजे रोलर जागेवर बसतात. नट पूर्ण सैल करा, आणि नुसत्या बोटांनी टेकेल तेवढाच परत आवळा. स्प्लिट पिनचं भोक जुळत नसेल तर नट पुढे नाही, मागच्या खाचेपर्यंत सैल करा. बोटाला जेमतेम कळेल एवढा प्ले इथे हवाच. टेपर बेअरिंग घट्ट राहिलं तर ते तापून जळतं. पिन नवी लावा.

काम झाल्यावर

दहा-पंधरा किलोमीटर चालवून या आणि दोन्ही हबजवळ हात नेऊन उष्णता बघा. डिस्कला हात लावू नका, चटका बसतो. नवी बाजू दुसऱ्यापेक्षा बरीच गरम लागली तर ब्रेक अडकला आहे का ते आधी बघा. पत्र्याची बारीक खसखस येत असेल तर ब्रेकचा पत्रा डिस्कला टेकला आहे. तो बोटाने मागे वाकवला की पुरतं. एबीएसचा दिवा लागला तर कनेक्टर, मग सेन्सरचं बसणं, आणि ते दोन्ही ठीक असतील तर बहुतेक बेअरिंग उलटं बसलं आहे.

जुनी घरघर तशीच राहिली तर टायर किंवा दुसऱ्या बाजूचं बेअरिंग. नवी घरघर लगेच सुरू झाली तर दाब गोळ्यांतून गेला. काही महिन्यांनी परत आली तर एक्सल नटचा टॉर्क, नकलचं भोक आणि हबची जागा या तीन ठिकाणी शोधा. दोन्ही बाजू एकदम बदलायलाच हव्यात असं काही नाही. शॉक अॅब्सॉर्बर जोडीने बदलतात तसा बेअरिंगचा नियम नाही. स्प्रिंगवर बोटं ठेवून दुसरी बाजू मुकी असेल तर ती तशीच राहू द्या.

शॉकचे बोल्ट किंवा टाय रॉड हलवले असतील तर व्हील अलाइनमेंट करून घ्या. आणि ५० ते १०० किलोमीटरनंतर चाकाचे बोल्ट टॉर्क पान्याने पुन्हा तपासा. गंज साफ केलेल्या हबवर डिस्क आणि चाक बसायला तेवढं अंतर लागतं.